ओला कोळसा

युद्धामुळे पेट्रोल मिळेनासं झालं, तेव्हा आमच्या पवन मावळातल्या एकुलत्या एका सर्व्हिस मोटारीला मालकाने मागच्या बाजूने बंब जोडला. अंघोळीच्या पाण्याचा असतो तसाच, पण माणसाएवढा उंच आणि लोखंडी. त्यात लाकडी कोळसा भरायचा, खालून पेटवायचा, क्लीनरने पाव तास घाम गाळत पंखा फिरवायचा आणि मग त्यातून निघणाऱ्या गॅसवर इंजिन चालायचं. चढ लागला की मोटार धापा टाकायची आणि उतारूंनी खाली उतरून ढकलायची. तरीही तिला नावं ठेवायची सोय नव्हती. ती होती म्हणून आमच्या खोऱ्यातली आठ-दहा मुलं लोणावळ्याच्या इंग्रजी शाळेत जाऊ शकत होती. तीही आठच महिने, कारण पावसाळ्यात रस्ताच राहत नसे.

मी त्या खोऱ्यातल्या लोकल बोर्डाच्या शाळेवर मास्तर होतो. वय सव्वीस, अंगावर इस्त्रीचा कोट आणि डोक्यात राग. हा राग मुख्यतः त्या मोटारीवर असे. भाड्याच्या बदल्यात मुलांच्या घरांनी मालकाला कोळसा पुरवायचा, असा ठराव पाटलांनी करून दिला होता. म्हणून शाळकरी मुलं ही मालकाच्या लेखी उतारू नव्हतीच. पुढच्या बाकांवर पैसे देणारे बसत, मधल्या जागेत दुधाच्या घागरी, त्यांच्यामागे कोंबड्यांची डालगी आणि सगळ्यांत शेवटी, तापलेल्या बंबाला पाठ लावून, कोळशाच्या पोत्यांवर मुलं. कोंबड्यांना डालगं तरी होतं. मुलं लोणावळ्यात उतरायची ती काळी होऊन. शाळेतली बाजारपेठेतली मुलं त्यांना ‘कोळसेवाले’ म्हणून चिडवायची. मी दोनदा मालकाला पत्र लिहिलं. त्याचं उत्तर आलं नाही.

माझी स्वतःची मुलं, म्हणजे माझ्या शाळेतली, वर्षातून एकदाच त्या मोटारीत बसायची: सातवीच्या फायनलच्या परीक्षेला. केंद्र लोणावळ्याला असे. आदल्या साली ऐन परीक्षेच्या सकाळी मोटार आलीच नाही. बंब फुटला होता म्हणे, आणि ते कळेपर्यंत उन्हं वर आली होती. माझी तीन मुलं दप्तरं घेऊन फाट्यावर बसून राहिली. त्यातल्या दोघांनी शाळा सोडली आणि ते बापाच्या मागे औताला लागले. तिसरा पुन्हा वर्गात येऊन बसला. तो ठाकरवाडीचा होता.

त्याच्याविषयी सांगायला हवं. सतरा वर्षांचा, मिसरूड फुटलेला, पुढे बसलेल्या लहान पोरांमध्ये गुडघे पोटाशी घेऊन बसायचा. त्याचा बाप रानात भट्ट्या लावून कोळसा पाडायचा, आणि मोटारीला लागणारा सगळा कोळसा त्याच्याकडूनच जायचा. गावातली घरं त्याला नाचणी-भात द्यायची आणि तो त्यांच्या वतीने पोती पोचती करायचा. ठाकरवाडीत शाळा नव्हती. बोर्डाचे एक साहेब तिथे शाळा काढायला तयार होते, पण डोंगरावर मुक्काम करून राहणारा मास्तर त्यांना मिळत नव्हता. एकदा आमच्या शाळेची तपासणी करताना ते या मुलाकडे बघून मला म्हणाले, हा फायनल पास झाला तर यालाच नेमतो, जूनमध्ये शाळा उघडतो. नाहीतर ती मंजुरी मला दुसऱ्या गावाला द्यावी लागेल. एक साल त्यांनी थांबवून धरलं होतं. दुसरं धरणार नव्हते. वाडीतल्या चाळीसेक पोरांची शाळा त्या एका मुलाच्या परीक्षेवर टांगलेली होती, आणि हे त्यालाही ठाऊक होतं, मलाही.

म्हणून या वेळी मी स्वतः बरोबर जायचं ठरवलं. पाच मुलं होती. चार गावातल्या शेतकऱ्यांची आणि पाचवा हा. तो आदल्या दिवशी मला म्हणाला की गुरुजी, मी डोंगरानं चालत जातो, मोटारीचा भरवसा न्हाई. मी त्याला झापलं. घामाघूम होऊन, धुळीने माखून परीक्षेला बसायचं नसतं, सगळे एकत्र जातील, आणि माझ्या शाळेची मुलं माणसांसारखी दिसतील. सगळ्यांना धुतलेले सदरे घालून यायला मी बजावलं होतं. त्याच्याकडे सदरा नव्हता, म्हणून माझा एक दिला.

त्या सकाळी त्याच्या बापाने आणून ठेवलेली कोळशाची चार पोती शाळेच्या ओसरीवर होती. मोटार तिथूनच ती उचलणार आणि मुलं त्यांवरच बसणार. मी एका पोत्याला हात लावून पाहिला. हात काळा झाला. मला डोळ्यांसमोर दिसायला लागलं: लोणावळ्याचे परीक्षक, बाजारपेठेतली शाळा, आणि माझे पाच उमेदवार काळी तोंडं घेऊन उभे. आमच्या घरी आई शेगडीत कोळसा घालण्याआधी त्यावर पाण्याचा हबका मारायची, म्हणजे भुकटी उडत नसे. मावळातही भट्टीवरचा कोळसा पाणी मारल्याशिवाय कुणी घरात घेत नाही; आत कुठे विस्तव धुगधुगत असेल, सांगता येत नाही. तेव्हा मला काही गैर वाटलं नाही. ठाकराचा मुलगा सगळ्यांच्या आधी आला होता. त्याला मी पोत्यांवर पाणी ओतायला सांगितलं.

तो घागर हातात घेऊन उभा राहिला. म्हणाला, “गुरुजी, पानी नगं. ओला कोळसा गॅस धरत न्हाई. बा तर पोती दव लागंल म्हनून झाकून ठिवतो.”

मी म्हणालो, “तू मला पदार्थविज्ञान शिकवणार?”

त्याने पाणी ओतलं. हबक्याने भागलं असतं, पण मला त्याच्या त्या बोलण्याचा राग आला होता, म्हणून मी दुसरी घागरही ओतायला लावली. वरून दोन घोंगड्या अंथरल्या, म्हणजे मुलांना ओल लागणार नाही. गावातली चार मुलं आली तेव्हा सगळं झाकलेलं होतं.

मोटार वेळेवर आली. ड्रायव्हर लोणावळ्याचा, तोंडाचा फटकळ, पण गाडीवर जीव असलेला माणूस. घोंगड्यांसकट पोती चढली, वर मुलं चढली, मी पुढे त्याच्या शेजारी बसलो. परीक्षा अकराला होती. साडेनऊपर्यंत पोचू असं तो म्हणाला आणि मी घड्याळ खिशात टाकलं. पहिले चार मैल गाडी छान चालली, कारण बंबात आदल्या दिवशीचा कोळसा होता. खिंडीच्या पायथ्याशी क्लीनरने नेहमीप्रमाणे बंब नव्याने भरला. आमच्या पोत्यांतून, हात न लावता, पोतंच उपडं करून.

अर्धा चढ झाला आणि इंजिनाचा आवाज बदलला. ड्रायव्हरने दोन कळा ओढल्या, काहीतरी पुटपुटला. गाडीने चार हिसके दिले आणि थांबली. क्लीनर उडी मारून मागे धावला आणि चाकामागे धोंडा लावला. ड्रायव्हरने बंबाचं झाकण उघडलं तर भपकन पांढरी वाफ वर आली. त्याने पोत्यात हात घातला आणि मूठ पिळली. तिच्यातून पाणी टपकलं.

सगळे उतारू खाली उतरून ते पाहत होते. मीही पाहत होतो.

ड्रायव्हर म्हणाला, “वजन भरायला पाणी मारलंय ठाकरड्यानं. विश्वासानं माल घ्यावा तर ही जात अशी.” मग त्याने त्या बापाला ज्या शिव्या घातल्या त्या मी इथे लिहीत नाही. त्याचा मुलगा तिथे तीन हातांवर उभा होता. उतारूंपैकी कुणीतरी त्यात भर घातली. वजनासाठी पाणी मारण्याची लबाडी सगळ्यांच्या ओळखीची होती, त्यामुळे कुणालाही शंका आली नाही. मुलाने ड्रायव्हरकडे पाहिलं नाही. तो माझ्याकडे पाहत होता. तो काही बोलणार नाही हे मला कळलं. बोलायचं काम माझं होतं, असं त्याचं म्हणणं असावं. मी घड्याळ काढलं आणि किती वाजले ते पाहू लागलो. मला भीती कसली वाटत होती? ड्रायव्हरची नाही. गावातल्या त्या चार मुलांसमोर, दूधवाल्यांसमोर, मास्तरला अक्कल नाही असं ठरण्याची. इतकी साधी आणि इतकी हलकी.

आठ वाजून गेले होते. पेट्रोल ड्रायव्हरकडे शिशीभर होतं, तेवढ्याने चढ निघाला नसता. कोरडा कोळसा हवा होता. तो मुलगाच म्हणाला, वरल्या दांडावर माझ्या मामाची भट्टी हाय, मी आनतो. आणि उत्तराची वाट न बघता कारवीच्या झुडपांत शिरला. आम्ही रस्त्याच्या कडेला बसलो. चारही मुलांनी पुस्तकं काढली. मी त्यांना इतिहासातले प्रश्न विचारत होतो आणि उत्तरं ऐकत नव्हतो. पाऊण तास गेला. नऊ वाजले. माझ्या मनात एकच चाललं होतं: हा वेळेत आला तर सगळं निभावेल आणि मग सांगायची गरजच पडणार नाही.

तो आला. डोक्यावर मोठी पाटी, तोंडावर काळे ओघळ, आणि माझा सदरा काढून कमरेला गुंडाळलेला. बंब रिकामा करून पुन्हा पेटवला. क्लीनर पंखा फिरवत राहिला. ड्रायव्हरने आम्हाला आधीच सांगून ठेवलं, गाडीने एकदा जोर धरला की मी थांबणार नाही, थांबलो तर विस्तव बसेल; ढकलता ढकलता चढून घ्या. क्लीनर पंख्यावर असल्याने चाकामागचा धोंडा धरायला कोण? ड्रायव्हरने ठाकराच्या मुलाकडे बोट दाखवलं. गाडी थोडी पुढे गेली की धोंडा पुढे सरकवायचा, म्हणजे ती मागे येणार नाही. ते काम शेवटपर्यंत करणारा शेवटीच चढणार, हे उघड होतं.

आम्ही ढकलली. इंजिन खोकलं, पुन्हा खोकलं आणि त्याने एकदम जोर धरला. एकेक मुलगा धावत चढला, दूधवाले चढले, मला कुणीतरी हाताला धरून वर ओढलं. मागे वळून पाहिलं तर तो धोंडा टाकून धावत होता. दहा हात. वीस हात. मग वळण आलं.

माथ्यावर पोचल्यावर मी ड्रायव्हरला म्हणालो, “एक मुलगा राहिला.”

तो म्हणाला, “राहू द्या मास्तर. बापाच्या लबाडीपायी बाकीच्या चार पोरांचं वर्ष घालवू का?”

त्या वेळी मी खरं सांगितलं असतं तर तो थांबला असता का, कोण जाणे. कदाचित मलाच उतरवलं असतं. पण मी सांगितलंच नाही. चार मुलं, असं मी स्वतःला म्हणालो. चार की एक, असा हिशेब मांडला की भ्याड माणसाला फार बरं वाटतं.

गाडी कामशेतला उतरून मोठ्या रस्त्याला लागली आणि पावणेअकराला लोणावळ्यात आली. चौघांना वर्गात बसवून मी शाळेच्या फाटकात उभा राहिलो. उशिरा येणाऱ्याला अर्धा तास सवलत असे. साडेअकराची घंटा झाली. मी तिथेच उभा होतो. लाज, राग, सगळं होतं, पण खरं सांगायचं तर सर्वांत जास्त मला त्याला पाहायचं होतं.

पावणेबाराला तो दिसला. खिंडीतून मोठा रस्ता न धरता तो डोंगराच्या कडेकडेने पाटण, भाजे करत मळवलीला उतरला होता आणि तिथून रुळांच्या बाजूने पळत आला होता. सदरा त्याने हातात घडी करून आणला होता. फाटकाजवळच्या नळावर तोंड धुतलं, सदरा घातला, बटणं लावली आणि मग माझ्यासमोर आला. सदरा स्वच्छ होता. मी तसं बजावलं होतं ना.

केंद्राचे प्रमुख त्या शाळेचे हेडमास्तर होते. त्यांनी सरळ नाही म्हटलं. मी हात जोडले. तेव्हा ते म्हणाले की उशीर उमेदवाराच्या चुकीने झालेला नाही असं त्याच्या शिक्षकाने कारणासकट लेखी दिलं, तरच मी माझ्या जबाबदारीवर बसवीन. कारण मात्र खरं हवं, बोर्डाकडे जाईल. त्यांनी कागद पुढे सरकवला. मी लिहिलं की उमेदवाराने मनाई केली असतानाही मी मोटारीच्या कोळशावर पाणी ओतवलं, त्यामुळे मोटार बंद पडली, आणि इतर उमेदवारांना पोचवण्यासाठी याला मागे ठेवलं. सही केली. त्यांनी वाचलं, चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं आणि शिपायाला सांगून मुलाला आत सोडलं. अर्ध्या सुटकेचा श्वास मी वर्गाबाहेरच्या बाकावर बसून टाकला. कागदावर लिहिणं किती सोपं होतं, याचंही मला नवल वाटलं.

संध्याकाळी बाजारात मोटार उभी होती. आम्ही सहाही जण गेलो. ड्रायव्हरने दिवसभरात सगळ्या लोणावळ्याला खिंडीतली हकीकत सांगितली होती. मालकही आला होता. त्या ठाकराचा कोळसा आजपासून बंद, आणि त्याचं पोरगं माझ्या गाडीत नको, असं त्याने जाहीर केलं. मुलगा दाराशी थांबला. मग मी बोललो. मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं. पाणी मी मारायला लावलं, याच्या बापाचा काही दोष नाही.

एक म्हातारा दूधवाला म्हणाला, “गुरुजी, कशाला दुसऱ्याचं पाप अंगावर घेता? पोरासाठी करताय, कळतंय आमाला.”

मी पुन्हा सांगितलं. शपथ घेतली. ड्रायव्हरचा फटकळपणा एकदम मऊ झाला होता. तो म्हणाला की मास्तर, तुमच्यासारखा शिकलेला माणूस कोळशावर पाणी ओतेल का. मुलगा पुढे आला आणि म्हणाला, “गुरुजी खरं बोलत्यात.” त्यावर लोक हसले. बापाला वाचवायला पोरगं बोलणारच की. मी हेडमास्तरांना दिलेल्या कागदाविषयी सांगितलं, तर मालकाने माझ्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाला, नोकरीवर बेतेल अशी गोष्ट लिहून दिलीत, तुमचं मन मोठं आहे.

चार मुलांना मोटारीत बसवून मी त्याच्याबरोबर चालत निघालो. तेही माझ्या मोठेपणात जमा झालं. भाजे मागे पडलं. चढाला लागल्यावर तो म्हणाला, “गुरुजी, खिंडीत बोलला असता तर पटलं असतं.” त्याच्या आवाजात राग नव्हता. असता तर मला बरं वाटलं असतं.

त्यानंतर मी पाटलांकडे गेलो, मालकाकडे दोनदा गेलो. जितकं खरं सांगावं तितकी माझी किंमत वाढत होती. कोळसा पलीकडच्या गावच्या माणसाकडून यायला लागला. त्याच्या बापाने भट्टी मोडली आणि तो लाकडाच्या मोळ्या डोक्यावर घेऊन कामशेतच्या बाजारात जाऊ लागला. मी वाडीत जाऊन त्याची माफी मागितली. त्याने मला घोंगडी अंथरून बसवलं, कोरा चहा दिला आणि म्हणाला, “पोरानं सांगितलंय समदं. पर तुमी आता कुनाला सांगू नगा, गुरुजी. पोराची साळा व्हऊ द्या आदी.”

मुलगा पास झाला. साहेबांनी शब्द पाळला. जूनमध्ये ठाकरवाडीत, एका गवती छपराखाली शाळा उघडली आणि त्याला मास्तर नेमलं. उद्घाटनाला साहेब आले, पाटील आले, आम्ही सगळे पाऊस चुकवत छपराखाली दाटीवाटीने बसलो. पाटील भाषणाला उभे राहिले. त्यांनी खिंडीतली गोष्ट सांगितली: ठाकराच्या हातून चूक झाली, मोटार बंद पडली, तेव्हा आमच्या गुरुजींनी ती चूक स्वतःच्या माथी घेतली, म्हणून आज ही शाळा उभी आहे. ते झालं गेलं, आता कुणी मनात ठेवू नये, असंही म्हणाले. मी उठून म्हणालो की हे खरं नाही. साहेब हसून म्हणाले, बसा मास्तर, बसा, आणि त्यांनीच पहिली टाळी वाजवली.

सगळ्या वाडीने टाळ्या वाजवल्या. त्याचा बाप पहिल्या रांगेत, जमिनीवर बसला होता. तोही वाजवत होता, सगळ्यांत जोराने, मुलाकडे बघत. मुलगा माझ्या शेजारी, नव्या मास्तरच्या जागेवर उभा होता. त्याने हात खाली ठेवले होते.